विहिरीत उताणं पडून

मे महिन्यात बारामती-इंदापूरकडच्या विहिरीत सूर मारलाय कधी? वरचं पाणी कोमट, खाली गेलं की एकदम गार. तापलेलं पाणी हलकं, म्हणून ते वरच राहतं. श्वास रोखून तोंड गार पाण्यात गेलं की हृदयाचे ठोके आपोआप मंदावतात. सीलमध्ये हे जास्त दिसतं, पण आपल्यातही असतंच.

मला मात्र सूर-मुटक्यापेक्षा नुसतं उताणं पडून राहणं आवडतं. कान पाण्याखाली गेले की काठावरची बडबड बंद, आणि स्वतःचा श्वास केवढा मोठा ऐकू येतो! छाती भरली की अंग वर येतं, श्वास सोडला की बोटभर खाली. पाठीला पांगऱ्याचा बिंडा बांधून शिकलो तेव्हा हे कुणी सांगितलं नव्हतं. पाय तेवढे बुडतात. माझे तरी.

असं पडून राहायचं ते एकट्याने, पण एकट्याने म्हणजे फक्त पाण्यात एकटं. काठावर पोहता येणारा माणूस हवाच. आणि उजनी धरणाच्या फुगवट्यात तर नकोच. तिथे गाळ आहे, वारा सुटला की लाटा उठतात. २१ मे २०२४ ला कुगाव-कळाशी दरम्यान वादळी वाऱ्यात बोट उलटली. सहा जण गेले. एक जण पोहत काठाला लागला.