दादांचा दुसरा अर्थ

जत्रेतल्या तंबूत दादा कोंडक्यांचा सिनेमा लागला की बायकांच्या बाजूने पदराआड दाबलेलं हसू यायचं. मी आठ-नऊ वर्षांचा. ‘कशाला हसलीस?’ असं आईला विचारलं आणि पाठीत धपाटा खाल्ला. त्या धपाट्याचा शोध मी अजून घेतो आहे.

दादांचा विनोद मुळात वगातला. वसंत सबनिसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’मध्ये कोतवालाची जागा प्रधानाच्या नात्यातला माणूस बळकावतो, हवालदार डावलला जातो. मग मैनावती नव्या कोतवालाला नादी लावते आणि त्याच्याकडे चक्क राजाचा पलंग मागते. भुललेला कोतवाल पलंग चोरतो नि अडकतो. वासना त्याची, डाव तिचा! हेच भांडवल दादांनी ‘सोंगाड्या’पासून (१९७१) पडद्यावर आणलं. खेड्यातलं चित्रीकरण, लोंबत्या नाडीची अर्धी चड्डी, नायिका बहुधा उषा चव्हाण. थाटमाट नाहीच.

खरी करामत शब्दांची. ‘अंधेरी रात में दिया तेरे हाथ में’ (१९८६) हे नाव घ्या. ‘दिया’ नाम मानलं तर दिवा. क्रियापद मानलं तर काय दिलं, ते ज्याचं त्यानं समजावं. शब्द न मोडता दोन अर्थ निघाले तर आपलं अलंकारशास्त्र त्याला अभंग श्लेष म्हणतं. शब्द मोडावा लागला तर सभंग. पंडितांच्या काव्यात तो अलंकार, दादांच्या तोंडी तोच चावटपणा. सेन्सॉरची पंचाईत अशी, की कात्री लावायला अश्लील शब्दच सापडत नाही. आक्षेप घ्यायचा तर दुसरा अर्थ आपल्याला सुचला, हे आधी कबूल करायला हवं. पडद्यावरचा भोळा नामानिराळा; चोर सापडतो तो खुर्चीतला.

म्हणून सगळं माफ, असं मात्र मी म्हणणार नाही. वगातली मैनावती फसवणारी होती. पुढच्या चित्रपटांत बाई पुष्कळदा विनोद टांगायची खुंटी झाली, आणि हिंदीत गेल्यावर तर बोलीचा गोडवाही आटला, असं माझं मत.

मध्यंतरी ‘बोट लावीन तिथं गुदगुल्या’ (१९७८) घरी लावला होता. आई हसली. म्हटलं, ‘‘यात बाईला काय मिळतं गं?’’

‘‘हसायला मिळायचं की,’’ ती म्हणाली, ‘‘एरवी चार माणसांत कुठं हसत होतो आम्ही?’’