धानपट्ट्याची वीज आणि अणुभट्टीचा हिशेब

अणुऊर्जेला होणारा विरोध केवळ किरणोत्साराच्या भीतीतून येतो, अशी समजूत जैतापूर अणुप्रकल्पाविरुद्धच्या आंदोलनानंतर रूढ झाली असली, तरी त्यामागे वेळ, खर्च आणि विस्थापन यांचा हिशेबही आहे, आणि तो भंडारा जिल्ह्याला समजावून सांगावा लागत नाही. 22 एप्रिल 1988 रोजी वैनगंगेवरील गोसीखुर्द धरणाचे भूमिपूजन झाले, तेव्हा अंदाजित खर्च 372 कोटी रुपये होता. 2016 च्या सुधारित अंदाजात तो 18 हजार कोटींच्या पुढे गेला, आणि दरम्यान बुडीत गावांतील एक पिढी पुनर्वसनासाठी अर्ज करण्यातच म्हातारी झाली.

अणुभट्टीचा हिशेबही असाच आहे. जैतापूरच्या प्रत्येकी 1650 मेगावॉटच्या सहा नियोजित भट्ट्यांपैकी पहिल्या दोन भट्ट्यांचा करार डिसेंबर 2010 मध्ये झाला आणि एप्रिल 2011 मध्ये साखरी नाटे येथे पोलीस गोळीबारात एका मच्छीमाराचा जीव गेला. तेथे नियोजित असलेल्या प्रकारची ईपीआर, म्हणजे उच्च दाबाच्या पाण्याने गाभ्यातील उष्णता वाहून नेणारी फ्रेंच बनावटीची भट्टी, फिनलंडने 2005 मध्ये बांधायला घेतली. तिचे नियमित उत्पादन 2023 मध्ये सुरू झाले. अणुभट्टी चालताना कार्बन सोडत नाही, हे मान्यच करावे लागते. परंतु हवामानबदलाला अठरा वर्षांची सवलत देता येत नाही.

भंडाऱ्यात उन्हाळी धान घेणाऱ्या शेतकऱ्याला तर वीज आताच आणि दिवसा लागते. वीज रात्रपाळीची असली, की हातात बॅटरी घेऊन साप, रानडुक्कर आणि बिबट्याच्या वाटेवरून पंपापर्यंत जावे लागते. मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना, म्हणजे उपकेंद्राजवळ सौर प्रकल्प उभारून त्याची वीज थेट शेतीच्या वाहिनीवर सोडण्याची व्यवस्था, नेमकी या गरजेला उत्तर देते. पडीक जमीन भाड्याने घेतली जाते, त्यामुळे गाव उठवावे लागत नाही. पावसाळी ढग आणि सायंकाळची मागणी यांसाठी साठवणुकीच्या बॅटऱ्या व जलविद्युत यांची जोड लागेल, आणि तो खर्चही प्रामाणिकपणे मांडला पाहिजे.

मात्र सौर प्रकल्पालाही सरसकट मोकळीक देता येणार नाही. कोहळी समाजाने बांधलेल्या मालगुजारी तलावांवर, म्हणजे धानाला पाणी देणाऱ्या जुन्या तलावांवर, तरंगते सौर पट्टे अंथरण्याचा विचार झालाच, तर ढिवर समाजाची मासेमारी आणि धानाचे पाणी यांचा हक्क आधी गणला जावा. भंडाऱ्यातील ग्रामसभांनी सौर वाहिनीसाठी ठराव करताना ही अट त्यातच लिहून घ्यावी.