मालेगावचे नासिर शेख : पन्नास हजारांचा ‘शोले’

मालेगाव म्हटले की बाहेरच्या माणसाला दोनच गोष्टी आठवतात : यंत्रमागांचा खडखडाट आणि २००६ व २००८ चे बॉम्बस्फोट. आपण मात्र आपल्या मुलांना तिसरी गोष्टही सांगायला हवी. ती म्हणजे नासिर शेख यांचा सिनेमा.

नासिरभाई व्हिडिओ पार्लर चालवीत आणि लग्नाचे चित्रीकरण करीत. कोणत्याही फिल्म संस्थेत ते शिकले नाहीत. पार्लरमध्ये रोज सिनेमे पाहता पाहता दृश्य कुठे तोडावे, कुठे जोडावे हे त्यांना उमगले. दोन व्हीसीआर जोडून ते संकलन करू लागले. सन २००० मध्ये सुमारे पन्नास हजार रुपयांत त्यांनी ‘मालेगाव के शोले’ बनवला. निर्माता तेच, दिग्दर्शकही तेच. नट म्हणजे गल्लीतले दोस्त. शुक्रवारी माग बंद असतात. त्या सुट्टीला कामगार पार्लरपुढे गर्दी करीत. आपलीच बोली, आपलीच गल्ली पडद्यावर पाहून ते पोट धरून हसले.

पुढे ‘मालेगाव का सुपरमॅन’ आला. नायक होता शफीक शेख, मागावर राबणारा सडपातळ तरुण. कॅमेऱ्याला ट्रॉली नव्हती, तर सायकल वापरली. ही सारी धडपड फैजा अहमद खान यांनी ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ या माहितीपटात टिपली. तो २०१२ मध्ये देशातील चित्रपटगृहांत लागला. रीमा कागती यांचा ‘सुपरबॉइज ऑफ मालेगाव’ २०२५ मध्ये आला, तोही याच दोस्तांवर.

पण या कहाणीत दुःखही आहे. पडद्यावर तंबाखूशी लढणाऱ्या शफीकचा २०११ मध्ये तोंडाच्या कर्करोगाने इंतिकाल झाला. लेखक फरोग जाफरी यांचे डोळे मुंबईकडे लागलेले होते. पण मालेगावात राहून तिथे नाव होणे किती अवघड, हे त्यांच्या वाट्याला आलेच. वाहवा मिळते, पण तिच्यावर घर चालत नाही. हे मुलांपासून लपवू नये.

आम्ही शिक्षक रोज पाहतो, गणितात मागे पडणारा मुलगा मोबाइलवर सुंदर दृश्ये टिपतो. घरात त्याला ‘टाइमपास’ म्हणून रागावतात. पालकहो, रागावण्याआधी एकदा त्याने काय टिपले ते पाहा. दहावी-बारावी आणि पुढे पदवी पूर्ण कर, म्हणून ठामपणे सांगा. मग पुण्याची फिल्म संस्था आहे, दिल्लीच्या जामिया मिल्लियात जनसंवादाचे शिक्षण आहे, त्यांची चौकशी त्याच्यासोबत बसून करा. नासिरभाईंना जे स्वतःच ठेचा खात शिकावे लागले, ते आपल्या मुलामुलींना आज रीतसर शिकता येते.

आणि हो, शफीकची गोष्ट सांगताना घरातल्या मोठ्यांनी आपल्या खिशातली पुडीही बाहेर काढावी. मुले तीही पाहत असतात.