पाहुण्याचा आवाज

आखाजीचा दिवस होता. खान्देशांत या सणाला सासुरवाशिणी माहेरीं येतात, निंबाच्या फांद्यांना झोके बांधले जातात आणि गौराईचीं गाणीं म्हटलीं जातात. आमच्या धुळ्याच्या घरींही जळगांवची मंडळी आली होती. स्वयंपाकघरांत सांजोऱ्या तळणें चाललें होतें. तेवढ्यांत माडीवरून मुलांच्या मोबाईलचा आवाज येऊं लागला. ढोलासारखे ठोके आणि त्यावर कोणी तरी तावातावानें, श्वास न घेतां बोलतो आहे, असें तें कांहीं तरी होतें.

सासूबाईंनीं कढईवरून नजर न काढतां विचारलें, "वर कोण भांडतें आहे?"

जाऊबाई हसून म्हणाल्या, "आई, भांडण नव्हे, गाणें आहे तें. रॅप म्हणतात त्याला."

"मग त्याला सूर नको का?"

असें त्या म्हणत आहेत तोंच मध्यें एक निराळा आवाज आला. जाड, रानांतला, साध्या चालीवर गाणारा. सासूबाईंचा झारा थांबला. त्यांनीं नातवाला हांक मारून खालीं बोलाविलें. "अरे, हा कोण गातो रे?"

"आजी, ते पाहुणे गायक. प्रकाश भोईर. मुंबईला आरेच्या जंगलांत राहतात. तें जंगल तोडायचें चाललें होतें, त्यावर हें गाणें आहे."

"रान त्याचें, गाऱ्हाणें त्याचें, आणि पाहुणाही तोच?" सासूबाई म्हणाल्या आणि पुन्हां सांजोऱ्यांकडे वळल्या. त्या चौऱ्यायशीं वर्षांच्या आहेत. त्यांचा तो प्रश्न मात्र माझ्या मनांतून गेला नाहीं. त्या गाण्याची मीं जी थोडीबहुत माहिती मिळविली, ती त्या प्रश्नापोटींच.

नव्या गाण्याविषयीं आपल्या घरांतून बहुधा दोनच मतें ऐकूं येतात. वडील मंडळी म्हणतात, हा गोंगाट आहे. मुलें म्हणतात, तुम्हांला कळत नाहीं. खरें पाहिलें तर वडिलांनीं मुलांचें गाणें ऐकलेलें नसतें आणि मुलांनीं वडिलांचें. म्हणून आधीं हा रॅप नांवाचा प्रकार काय आहे, तें पाहूं.

त्याचा जन्म अगदीं घरगुती आहे. ११ ऑगस्ट १९७३ रोजीं न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागांत सिंडी कँपबेल नांवाच्या मुलीनें आपल्या इमारतीच्या दिवाणखान्यांत नाचगाण्याचा एक छोटा जलसा ठेवला. शाळा सुरू होण्यापूर्वीं नवे कपडे घ्यावयाचे होते, त्यासाठीं थोडे पैसे जमवावे, एवढाच तिचा हेतु. तबकड्या वाजविण्याचें काम तिच्या भावाकडे होतें. त्याचें नांव क्लाइव्ह. जगानें त्याला पुढें 'कूल हर्क' या नांवानें ओळखलें. गाण्यांतील जेथें नुसता ताल उरतो, तेथेंच लोक जास्त नाचतात, हें त्यानें हेरलें होतें. म्हणून एकाच गाण्याच्या दोन तबकड्या घेऊन तो तेवढाच तुकडा पुन्हां पुन्हां वाजवी. त्या तालावर कोणी तरी बोलूं लागलें, बोलतां बोलतां यमकें जुळूं लागलीं. तो भाग गरिबांचा होता; मोठा रस्ता काढण्यासाठीं तेथील कित्येक कुटुंबांचीं घरें पूर्वीं उठविलीं गेलीं होतीं. तेव्हां बोलण्याजोगें पुष्कळ सांचलेलें होतें. १९७९ पर्यंत हा प्रकार तबकडीवर आला, आणि १९८२ सालीं 'द मेसेज' या गाण्यानें त्या वस्तीचें दैन्य सगळ्या अमेरिकेच्या कानीं घातलें.

रॅप म्हणजे एवढेंच: तालावर बोललेली कविता. आपल्याला ती इतकी परकी वाटण्याचें कारण नाहीं. ज्यांनीं कीर्तनाला बसून बुवांच्या तोंडून अमृतरायांचे कटाव ऐकले आहेत, त्यांना शब्दांची ती धांव ओळखीची आहे. पोवाड्यांतला शाहीरही गातां गातां मध्येंच बोलूं लागतो आणि झिलकरी त्याला 'जी जी' करून पुढें ढकलतात. ब्रॉन्क्समधल्या मुलांनीं कटाव ऐकले नव्हते, तसेंच आपल्या कीर्तनकारांनीं ब्रॉन्क्स पाहिलें नव्हतें. पण सांगण्याची घाई झाली म्हणजे माणसाची वाणी सगळीकडे सारखीच धांवते.

आतां त्या गाण्याकडे येतों. त्याचें नांव 'द वारली रिव्होल्ट', म्हणजे वारल्यांचा उठाव. मुंबईच्या 'स्वदेशी' नांवाच्या तरुणांच्या मेळ्यानें तें २०१९ सालीं प्रसिद्ध केलें. या मेळ्याची गंमत अशी कीं, ज्याची जी बोली, तींत त्यानें बोलावें, असा त्यांचा रिवाज. मराठींत म्हणणारा मवाली, गुजरातींत म्हणणारा तोडफोड, आणि आपल्या अमरावतीचा सौरभ अभ्यंकर, जो आपलें नांव '१००' हा आंकडा घालून लिहितो, कां तर 'सौ' म्हणजे शंभर! असे हे निरनिराळ्या मुलुखांचे आवाज या मेळ्याशीं जोडले गेले. तोडफोड या नांवानें प्रसिद्ध असलेला धर्मेश परमार १९ नव्हे, ९० नव्हे, अवघ्या २४ व्या वर्षीं, मार्च २०२२ मध्यें वारला. नांवें ऐकून दचकूं नये. आपल्याकडेही शाहिरांनीं टोपणनांवें घेतलींच होतीं.

या मुलांनीं आपल्या गाण्यांत प्रकाश भोईर यांना बोलाविलें. गोरेगांवच्या आरे दुग्धवसाहतीच्या हद्दींत आदिवासींचे सत्तावीस पाडे आहेत असें सांगतात. त्यांतल्या केलटीपाड्याचे भोईर हे रहिवासी आणि आरे वांचविण्याच्या चळवळींतले एक कार्यकर्ते. मेट्रो रेल्वेच्या गाड्या ठेवण्याची जागा आरेंत करावयाची, त्यासाठीं झाडें तोडावयाचीं, असा बेत तेव्हां होता.

गाण्याच्या नांवाकडे मात्र जरा लक्ष द्यावें. १९४५ सालीं ठाणें जिल्ह्याच्या उंबरगांव व डहाणू तालुक्यांत वारल्यांनीं वेठबिगार आणि लग्नगडी या प्रथांविरुद्ध उठाव केला. लग्नाच्या कर्जापायीं नवराबायको दोघांनींही सावकाराच्या घरीं राबत राहावयाचें, ही ती लग्नगड्याची चाल. त्या उठावाच्या पुढाऱ्यांत शामराव परुळेकर आणि त्यांच्या पत्नी गोदावरीबाई होत्या. गोदावरीबाई पूर्वाश्रमीच्या गोखले. आपल्याच घरांसारख्या घरांत वाढलेल्या, कायद्याची पदवी घेतलेल्या. त्या दिवसांची हकीकत त्यांनीं 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकांत लिहिली आणि १९७२ सालीं तिला साहित्य अकादमीचें पारितोषिक मिळालें. म्हणजे माडीवर वाजत होतें तें गाणें नुसतें विलायती अनुकरण नव्हतें. त्याच्या नांवामागें आपल्याच प्रांताच्या इतिहासाचें एक पान होतें.

गाण्यानें झाडें वांचलीं का? नाहीं वांचलीं. ४ ऑक्टोबर २०१९ रोजीं उच्च न्यायालयानें वृक्षतोडीविरुद्धचे अर्ज फेटाळले आणि त्याच रात्रीं करवती चालूं लागल्या. ७ तारखेस सर्वोच्च न्यायालयानें तोड थांबविण्यास सांगितलें, तोंवर दोन हजारांहून अधिक झाडें पडलीं होतीं. पुढें २०२० सालीं ती जागा कांजूरमार्गला हलविण्याचें ठरलें, २०२२ सालीं पुन्हां आरेंतच आली. २०२४ च्या ऑक्टोबरांत मेट्रोचा पहिला टप्पा सुरू झाला, पुढल्या वर्षीं संपूर्ण मार्ग. त्या गाडीचा मुंबईच्या लाखों माणसांना उपयोग आहे, हेंही खरें. या वादाचा निवाडा करण्याचा अधिकार मला नाहीं. मला एवढेंच दिसतें कीं, गाडीही राहिली आणि गाणेंही राहिलें. उद्यां कोणी विचारील, 'तेव्हां त्या रानांत कोण राहत होतें?' तर उत्तर द्यावयास एक आवाज शिल्लक आहे, आणि त्या आवाजाला नांव आहे.

हें नांव असणें, हीच मला या गाण्यांतली मोठी गोष्ट वाटते.

आपल्या खान्देशाचेंच पाहा. गाण्याला येथें कधीं तोटा नव्हता. श्रावणांत नागपंचमीनंतरच्या रविवारीं कानबाई बसते, रात्रभर गाणीं होतात आणि सोमवारीं तिला निरोप दिला जातो. भाद्रपदी पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत मुली भुलाबाईचीं गाणीं म्हणतात. साक्रीकडच्या डोंगराळ भागांत मार्गशीर्षांत डोंगऱ्यादेवाच्या उत्सवांत पावरी घुमते. अलीकडे तर अहिराणी गाणीं मोबाईलवरून महाराष्ट्रभर पोंचलीं आहेत. 'हाई झुमका वाली पोर' हें गाणें ठाऊक नसलेली वरात आतां विरळाच. जी भाषा बोलतांना शाळेंत मुलें लाजत, तिच्यावर आतां पुण्यामुंबईचीं मुलें नाचतात. याचा मला आनंदच आहे.

पण जुनें गाणें नव्या गाण्यांत येतें, तें दोन तऱ्हांनीं येऊं शकतें. एक तऱ्हा अशी कीं, त्यांतली चाल घ्यावयाची, एखाददुसरा ठसकेबाज शब्द घ्यावयाचा आणि ज्याची ती चाल, त्याला दाराबाहेरच ठेवावयाचें. पाटावर कलाबतूची किनार लावावी, तसा तो आवाज शोभेला लागतो. दुसरी तऱ्हा अशी कीं, गाणाऱ्यालाच बोलवावयाचें, त्याला त्याचें म्हणणें त्याच्या तोंडानें म्हणूं द्यावयाचें आणि त्याचें नांव आपल्या नांवाशेजारीं लिहावयाचें. 'स्वदेशी'च्या मुलांनीं ही दुसरी वाट धरली. सासूबाई म्हणतात तें खरें आहे. त्या गाण्यांत भोईर हे पाहुणे नव्हेतच. पाहुणीं आहेत तीं शहरांतलीं मुलें. रानाच्या दारीं जाऊन त्यांनीं आपला ताल नेऊन ठेवला, इतकेंच.

नांव राहिल्यानें काय होतें, हें जळगांवकरांना सांगावयास नको. असोद्यांत जन्मलेल्या, जळगांवच्या चौधरींच्या घरीं नांदलेल्या बहिणाबाईंना लिहितां येत नव्हतें. जात्यावर आणि शेतांत त्या आपल्या लेवा गणबोलींत गात. त्यांचे चिरंजीव सोपानदेव आणि एक आप्त यांनीं त्यांतलीं कांहीं गाणीं टिपून ठेवलीं. बहिणाबाई १९५१ च्या डिसेंबरांत वारल्या. पुढच्या वर्षीं आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह तीं गाणीं पुस्तकरूपानें निघालीं. १९६१ च्या 'मानिनी' चित्रपटांत वसंत पवारांनीं त्यांना चाली दिल्या. पण वाद्यें बदललीं, गळा बदलला, तरी गाणें बहिणाबाईंचेंच राहिलें. आज उत्तर महाराष्ट्राचें विद्यापीठ त्यांच्या नांवानें ओळखलें जातें. घरांत कोणी कागद-पेन्सिल घेऊन बसला नसता, तर यांतलें कांहींही झालें नसतें. अमळनेरला शिक्षक असलेल्या साने गुरुजींनींही पुढें 'स्त्रीजीवन'मध्यें बायकांच्या ओव्या मोठ्या मायेनें गोळा केल्या. पण मुळांत त्या ओव्या प्रथम कोणाच्या ओठीं आल्या, हें आज कोण सांगणार?

त्या दिवशीं जेवणें आटोपल्यावर मुलें सासूबाईंच्या भोंवतीं जमलीं. "आजी, तुम्हांला येतें का असें जुनें गाणें?" त्या प्रथम नको नको म्हणाल्या. मग त्यांनीं डोळे मिटून एकामागून एक तीन अहिराणी गाणीं म्हटलीं. लग्न होऊन मला इतकीं वर्षें झालीं, पण तीं मीं कधीं ऐकलीं नव्हतीं. आमच्या घरांत अहिराणी बोलण्याची चाल नाहीं. गड्यामाणसांशीं बोलण्यापुरतीच ती. पण लहानपणीं अमळनेरला त्यांच्या माहेरीं पहाटे एक बाई दळावयास येत असे, आणि गोधडींत पडल्या पडल्या त्यांनीं तिचीं गाणीं पाठ केलीं होतीं. पाऊणशें वर्षें तीं त्यांच्याजवळ होतीं.

पुतण्यानें तीं मोबाईलवर टिपून घेतलीं. मग त्या गाण्याच्या पाट्यावर असतें तसें लिहावयाला त्यानें विचारलें, "आजी, नांव कोणाचें घालूं?"

सासूबाई बोलूं लागल्या आणि थांबल्या. "आम्ही तिला दळणारीणच म्हणत असूं," त्या हळूच म्हणाल्या. तिला दोन मुलें होतीं, हें त्यांना आठवत होतें. ती पावसाळ्यांत घोंगडी जात्याजवळ वाळत घाली, हें आठवत होतें. नांव आठवत नव्हतें. त्यांच्या घरीं तें कधीं कोणी विचारलेंच नव्हतें.

वाचकांना माझी एवढीच विनंति आहे. आपल्या घरांतूनही अशीं गाणीं कोणाच्या तरी आठवणींत असतील. आजीच्या, आत्याच्या, जुन्या मोलकरणीच्या. मुलांच्या हातांतलें यंत्र आहेच, तें त्यांच्यापुढें धरावें. आणि गाणें टिपतांना आधीं नांव विचारावें, चाल मागाहून.

मुलानें शेवटीं लिहिलें, 'अमळनेरच्या दळणारणीकडून ऐकलेलें', आणि त्यापुढें नांवाची जागा मोकळी ठेवली. सासूबाई अजून मधून मधून आठवून पाहतात.