वापसा नसलेली धावपट्टी

पाऊस उघडला तरी वापसा आल्याशिवाय खानदेशातला शेतकरी काळ्या रानात ट्रॅक्टर घालत नाही. मऊ धावपट्टीवरून उडणाऱ्या वैमानिकालाही हीच शिस्त लागते: उड्डाण कुठे सोडून द्यायचे, हे निघण्याआधीच ठरले पाहिजे. गोंदूर, जळगाव, शिरपूर इथे शिकाऊ वैमानिकांना पक्की धावपट्टी मिळते, मग चिखलाचा विचार कशाला, असे कुणी म्हणेल. पण डांबराची कड ओलांडली की खाली काळी मातीच असते. आणि 1932 मध्ये जे. आर. डी. टाटांनी कराचीहून टपाल आणले तेही जुहूच्या कच्च्या मैदानावरच. पावसाळ्यात तिथे पाणी भरे, म्हणून सेवा पुण्याला हलवावी लागे.

माती चाके धरून ठेवते, वेग रेंगाळतो. छोट्या विमानांसाठी ब्रिटनमध्ये रूढ असलेला ठोकताळा सांगतो, की मऊ जमिनीवर उड्डाणाला किमान 25 टक्के जास्त अंतर धरावे आणि प्रमाण तापमानापेक्षा वरच्या दर 10 अंशांमागे आणखी 10 टक्के. मे महिन्यात जळगावचा पारा 43 अंशांवर गेला, की नुसत्या उन्हापायीच हे अंतर साधारण एक तृतीयांशाने वाढते. म्हणून वैमानिक एक सोपा नियम पाळतात: अर्ध्या धावपट्टीपर्यंत उड्डाणवेगाच्या 70 टक्के वेग आला नाही, तर थांबायचे. पट्टी 600 मीटरची आणि उड्डाणवेग 55 नॉट असेल, तर 300 मीटरवरच्या खुणेपाशी काटा 39 च्या आसपास हवा.

चिखलच विमान थांबवील, तर निर्णय उशिरा घेतला म्हणून काय बिघडले? हा तर्क फसवा आहे. चिखल सगळीकडे सारखा नसतो, आणि ओल्या गवतावर जोरात ब्रेक दाबला की चाके फिरायची थांबतात, विमान मात्र घसरत राहते. पुढचे चाक रुतले तर नाक जमिनीत जाऊन विमान उलटूही शकते. म्हणून थ्रॉटल पूर्ण बंद करावा, दांडा मागे धरून पुढच्या चाकावरचा भार कमी ठेवावा, पायांनी दिशा सरळ राखावी आणि ब्रेक हलकेच लावावा. पट्टी पुरणार नाही असे दिसले, तर इंधन आणि वीज तोडावी. अशा काटेकोरपणामुळे एखादे उड्डाण विनाकारण रद्द होईल, हे खरे. पण त्याची किंमत एक फेरी आणि थोडे इंधन. शेतकरीही वापशासाठी दोन दिवस थांबतो, त्याला कुणी भित्रा म्हणत नाही.