साहेबांचा शेरा

मार्च संपला की आमच्या कचेरीतील मागासवर्गीय कर्मचाऱ्यांची झोप उडायची. कारण गोपनीय अहवाल! साहेब वर्षभर तोंडावर गोड बोलणार, अहवालात नुसते 'बरा' लिहिणार. बढती हुकल्यावरच ते कळणार. रक्तदाब कामाने नव्हे, या धास्तीने वाढे. १९१७ साली बडोद्यात शिपाई बाबासाहेबांकडे दुरून फायली फेकत; आमच्याकडे शेरे फेकले जात.

देवदत्त यांची बढती तर 'चांगला' या शेऱ्यानेच अडली होती. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक शेरा कर्मचाऱ्याला कळवलाच पाहिजे, असा निकाल दिला. २०१३ मध्ये तो उचलून धरला.

नंतरच्या एका साहेबांनी आम्हाला समोर बसवून चुका सांगितल्या, अहवाल दाखवला. काम तेच, माणसे तीच; त्या एप्रिलमध्ये आम्ही निवांत झोपलो. पण बांधवांनो, चांगल्या साहेबाची वाट कशाला पाहता? लेखी अर्ज करा, शेऱ्याची प्रत मागा!