मिती नसलेली नोंद

मुदती हुंडीवर मिती नसेल, तर ती कोणत्याही पेढीवर उभी राहत नाही. रक्कम आहे, देणाऱ्याचे नाव आहे, घेणाऱ्याचेही आहे. पण मुदत कोठून मोजावयाची, हेच ठरत नाही. पवनीच्या भूमीने जपून ठेवलेल्या बहुतेक प्राचीन नोंदी अशाच बिनमितीच्या आहेत. काळाच्या अभ्यासाला वाहिलेले एखादे विद्यापीठ भंडारा जिल्ह्यातील या गावी नाही. मात्र हरवलेली मिती कशी शोधून काढतात, हे शिकावयाचे असेल तर याहून चांगली पाठशाळा विदर्भात क्वचितच मिळेल.

वैनगंगेच्या तीरावरचे हे गाव जुन्या मातीच्या तटाच्या आत वसले आहे. १९६९-७० मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी येथे संयुक्त उत्खनन केले. त्याची धुरा शां. भा. देव आणि जगत्पती जोशी यांच्याकडे होती. (जैन श्रमणसंघाच्या इतिहासावर विस्तृत ग्रंथ लिहिणारे देव ते हेच.) जगन्नाथ टेकडीखाली बौद्ध स्तूप निघाला. त्याच्या दगडी कठड्यावर दान देणाऱ्यांची नावे ब्राह्मी लिपीत कोरलेली आहेत. वर्ष मात्र कोणीही कोरलेले नाही. देणगीदाराला आपले नाव राहावे असे वाटले. आपला काळही कोणी विचारील, हे त्याच्या मनात आले नसावे.

अशा वेळी अक्षरच साक्ष देते. अशोककालीन ब्राह्मी अक्षरे साधी व सरळ असतात. पुढे त्यांच्या माथ्यावर जाडी येते आणि उभ्या रेघांची टोके वळू लागतात. वडिलांची आणि आजोबांची वही हस्ताक्षरावरून ओळखावी, तसाच हा प्रकार आहे. त्याला मातीच्या थरांची आणि त्या थरांत मिळणाऱ्या नाण्यांची जोड मिळते. यातून शतक निश्चित होते, वर्ष नव्हे.

पवनीचा आणखी एक स्तंभ महाक्षत्रपाचा कुमार रूपिअम्म याच्या स्मरणार्थ उभारलेला आहे. लेखात त्याला ‘छायास्तंभ’ म्हटले आहे. काळाचा विषय निघाला की हा शब्द सावलीच्या घड्याळाची आठवण करून देतो, परंतु येथे छाया म्हणजे प्रतिमा. नागपूरचे विद्वान महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी या लेखाचे विवेचन केले. पश्चिमेच्या क्षत्रपांचे धागे वैनगंगेपर्यंत पोहोचले होते, हे त्यामुळे समजले.

सर्वांत रंजक उकल आहे ती पवनीच्या ताम्रपटाची. वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याच्या या दानपत्रावर वर्ष आहे ३२, म्हणजे त्याच्या राज्यारोहणापासूनचे. खाते उघडून बत्तीस वर्षे झाली एवढे लिहावे, आणि खाते उघडल्याची तारीखच लिहू नये, अशी ही स्थिती! वाकाटकांच्या दानपत्रांत कोणताही संवत आढळत नाही. त्यांचा काळ नात्याच्या आधाराने शोधावा लागला. प्रवरसेनाची आई प्रभावतीगुप्ता ही गुप्त सम्राट दुसरा चंद्रगुप्त याची कन्या. चंद्रगुप्ताच्या काळातील विदिशेजवळच्या उदयगिरी येथील एका लेखावर गुप्त संवत ८२ आहे. आता प्रश्न उरला तो गुप्त संवत कधी सुरू झाला याचा.

येथे दापोली तालुक्यातील मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित उपयोगी पडले. शिक्षण खात्यात शिक्षकाची नोकरी करणाऱ्या या गणितज्ञाने फ्लीट यांच्या १८८८ च्या ग्रंथासाठी प्राचीन तिथी गणिताने तपासल्या. सागर जिल्ह्यातील एरण येथील स्तंभावर गुप्त संवत १६५, आषाढ शुद्ध द्वादशी आणि गुरुवार अशी नोंद आहे. तिथी व वार यांचा मेळ प्रत्येक वर्षी बसत नाही. म्हणून वार हा ताळ्याचे काम करतो. २१ जून ४८४ या दिवशी तो मेळ बसला. त्यावरून गुप्त संवताचा आरंभ इ.स. ३१९-२० ठरला, उदयगिरीचे ८२ हे वर्ष इ.स. ४०१-०२ झाले आणि चंद्रगुप्ताचा नातू पाचव्या शतकात येऊन स्थिरावला. एरणच्या एका गुरुवारावर पवनीच्या ताम्रपटाचा काळ असा टेकलेला आहे.

व्यापारी घरांना हा ताळा अपरिचित नाही. कार्तिक शुद्ध प्रतिपदेस नवी वही सुरू करताना विक्रम संवत आणि वीर निर्वाण संवत दोन्ही लिहिले जातात, आणि त्यांत बरोबर ४७० वर्षांचे अंतर येते. मात्र उत्तरेत विक्रम संवत चैत्रात बदलतो. त्यामुळे चैत्र ते आश्विन हे महिने दोन ठिकाणच्या वह्यांत एका वर्षाच्या फरकाने नोंदले जातात. जुन्या हुंड्या व करारपत्रे वाचताना हे ध्यानात न घेतल्यास वर्षाची चूक ठरलेलीच.

पवनीत तटाच्या आत आजही वस्ती आहे. पाया खणताना निघालेले नाणे किंवा दगड कोणत्या खोलीवर, कशाच्या शेजारी होता, हे नोंदले तरच त्याचा काळ सांगता येतो. एकदा उचलून ओसरीत ठेवला की तो नुसता दगड उरतो. विदर्भातील जुन्या पेढ्यांच्या माळ्यांवर मात्र लाल कापडात बांधलेल्या वह्या अजूनही पडून आहेत. त्यांच्या पहिल्याच पानावर मास, पक्ष, तिथी, वार आणि संवत असे सर्व काही लिहिलेले असते. दिवाळीच्या साफसफाईत त्या रद्दीच्या तराजूत जातात, वजनाने.